खालापूरच्या कोर्टात बाबा

आमच्या गावात वीज नव्हती, आणि वीज जिथे तयार व्हायची ते ठिकाण गावापासून चालत जाण्याइतकं जवळ होतं. हे मी शहरातल्या लोकांना सांगते तेव्हा त्यांना गंमत वाटते. पण भिवपुरीच्या पॉवर हाऊसमधली वीज डोंगरावरच्या तारांवरून थेट मुंबईला जायची, आणि आम्ही संध्याकाळी कंदिलाची काच राखेने पुसत बसायचो. आमच्या वाट्याला यायचं ते पाणी. वरच्या धरणातून मोठाल्या नळांनी खाली येऊन, चाकं फिरवून झाल्यावर सोडून दिलेलं पाणी. ते कालव्याने आमच्या शिवारात यायचं, म्हणून पावसाळी भात कापून झालं की आमच्याकडे उन्हाळी भातही व्हायचं. एप्रिलमध्ये सगळा माळ पिवळा पडलेला असायचा आणि आमची खाचरं मात्र हिरवीगार. माहेर म्हटलं की अजून माझ्या डोळ्यांपुढे तो हिरवा रंगच येतो. पॉवर हाऊसचा भोंगा वाजला की आई भाकरी थापायला घ्यायची आणि बाबा बैलांना वैरण टाकायला उठायचे. गावात घड्याळं दोन-तीनच होती, पण कुणाचं काही अडत नसे.

बाबा कमी बोलायचे. जे बोलायचे ते खरं असायचं, आणि त्याचा गावात जरा धाकच होता. एकदा काकाने, म्हणजे त्यांच्या सख्ख्या धाकट्या भावाने, शेजाऱ्याच्या खाचराकडे बांध सरकवला. पंचांनी बाबांना विचारलं, तेव्हा बाबांनी जुना बांध कुठून जात होता ते पायाने रेघ मारून दाखवलं. काका वर्षभर आमच्या ओट्यावर चढला नाही. आई म्हणाली, "गप बसला असतात तर?" बाबा म्हणाले, "इचारलं म्हनून सांगितलं. इचारलंच नसतं तर गप बसलो असतो."

मला शिकवलं ते बाबांनीच. आमच्यात तेव्हा मुलगी चौथी झाली की आवणीला जुंपायची रीत होती. आवणी म्हणजे भाताची लावणी. दिवसभर वाकून कंबरेचा पार काटा ढिला व्हायचा. मीही ती केली. पण शाळा उघडली की बाबा मला स्वतः कर्जतला हायस्कुलात सोडायला यायचे. पहिले काही दिवस माझं दप्तर त्यांच्याच खांद्यावर असायचं. मॅट्रिक झाले, अध्यापिका विद्यालयाच्या वसतिगृहात राहून डी.एड. झाले, आणि जिल्हा परिषदेच्या शाळेत लागले. ती शाळा पॉवर हाऊसच्या क्वार्टर्सला लागूनच होती. पहिल्या दिवशी बाबा शाळेच्या फाटकापर्यंत आले आणि म्हणाले, "जा बाय. आता तूच मास्तरीण." परत जाताना ते वाटेत भेटेल त्याला थांबवून सांगत गेले, हे मला नंतर कळलं.

माझे यजमान मला भेटले ते या शाळेमुळे. आम्ही चौथीचा वर्ग घेऊन पॉवर हाऊस बघायला गेलो होतो. हे तिथे ऑपरेटर होते. खाकी शर्ट, बाह्या दुमडलेल्या, आणि बोलायची पद्धत अशी की मुलांशी बोलताना आवाज उगाच लाडिक करत नसत. पाणी कसं येतं, चाक कसं फिरतं, वीज कशी होते, सगळं त्यांनी समजावून सांगितलं. मग माझ्या वर्गातली एक मुलगी म्हणाली, "मंग आमच्या घरी दिवा का लागत नाय?"

बाकीचे लोक हसले. हे हसले नाहीत. म्हणाले, "बरोबर विचारलंस. मी पण हेच विचारतो. अजून मला कुणी उत्तर दिलं नाही. मिळालं की तुझ्या शाळेत येऊन सांगेन."

उत्तर काही मिळालं नाही, पण हे शाळेत येऊ लागले. क्वार्टर्समध्ये एक छोटं वाचनालय होतं, त्याची किल्ली यांच्याकडे असायची. ड्यूटी सुटली की ते उघडायचे. मी वर्तमानपत्र वाचायला जाऊ लागले. मुलांसाठी कोडी, चित्रं कापून ठेवलेली असायची. दोन वर्षं आमच्यात याहून जास्त काही नव्हतं, आणि तरी त्या वाचनालयाचा लाकडी बाक, त्यावर पडणारा विजेच्या दिव्याचा पिवळा उजेड, शाईचा आणि ओल्या भिंतीचा वास हे सगळं मला आजही माझ्या तरुणपणाचं घर वाटतं.

हे बौद्ध. छप्पन साली यांच्या घरच्यांनी धम्म घेतला तेव्हा हे शाळेत होते. वडील लवकर गेले. आईने लोकांच्या शेतावर मजुरी करून यांना शिकवलं. आमच्या गावातही त्यांच्या नात्यातल्या लोकांची वस्ती होती, गावाच्या खालच्या अंगाला. मी लहानपणी आईबरोबर त्या वाटेने जायची, पण त्या वस्तीत कधी बसले नव्हते. त्यात काही वेगळं आहे असं तेव्हा मनातच आलं नव्हतं. जग तसंच असतं असं वाटायचं.

थंडीत एकदा क्वार्टर्सच्या पोरांनी पोपटी लावली. वालाच्या शेंगा, भांबुर्डीचा पाला, मडकं उपडं घालून वरून जाळ. आम्ही शिक्षकही होतो. सगळे शेकोटीभोवती शेंगा सोलत बसले असताना हे माझ्याजवळ येऊन म्हणाले, "मला तुम्हाला एक विचारायचंय. पण विचारलं तर तुम्ही अडचणीत याल, म्हणून विचारत नाही."

मी म्हणाले, "मग मीच विचारते."

ते बराच वेळ हातातली शेंग सोलत राहिले. मग म्हणाले, "आमचं घर कुठलं ते माहीत आहे ना?"

"माहीत आहे."

"तुमच्या घरी चालणार नाही."

"माहीत आहे."

"कायद्याने आपल्याला कुणी अडवू शकत नाही. तुम्ही सज्ञान आहात, मीही आहे. अलिबागला जाऊन नोंदणी करता येते."

मला हसू आलं. म्हटलं, "आणि सणाला माहेरपण कोण करणार? कायदा?"

तेही हसले. पण त्या रात्रीपासून तो शब्द माझ्या डोक्यात राहिला. सज्ञान. वर्गात मुलांना शब्दार्थ सांगताना मी तो फळ्यावर कितीदा लिहिला असेल. स्वतःला लावून कधी पाहिला नव्हता.

सगळ्यात आधी मला नको म्हणाल्या त्या यांच्या आई. मी त्यांना भेटायला गेले तेव्हा त्या अंगणात भात पाखडत होत्या. सूप खाली न ठेवताच म्हणाल्या, "पोरी, तू चांगली हायस, मला दिसतंय. पन तुझं काय, तू रागवून उद्या परत जाशील. आमाला हितंच ऱ्हायाचंय. तुझ्या गावात आमची मानसं हायत. त्यांच्या दारात लोक आले तर मी काय सांगू?"

मी म्हणाले, "मी परत जाणार नाही."

"सगल्या असंच बोलतात," त्या म्हणाल्या आणि सूप हलवू लागल्या.

त्यांचं म्हणणं चूक नव्हतं. त्या मजुरीला जात त्यातली काही शेतं आमच्या गावातल्या लोकांची होती. यांनीही आईला तिथून आधी क्वार्टर्समध्ये राहायला आणलं, मगच आम्ही पुढचं पाऊल उचललं.

मी माझ्या आईला सांगितलं ते भात झोडणीच्या दिवसांत. तिने पदर तोंडाशी धरला. मग म्हणाली, "बाबांना आता नको सांगू. खळं उठू दे." खळं उठलं, भात कणगीत पडलं, आणि तरी तिने सांगू दिलं नाही. दरम्यान आम्ही अलिबागला जाऊन लग्नाची नोटीस दिली. कर्जतचे एक म्हातारे वकील होते, त्यांनी सगळं समजावलं होतं. नोटीस महिनाभर कचेरीच्या फलकावर लागते, कुणाची हरकत आली नाही तर लग्न होतं. जिल्ह्याला तेव्हा कुलाबा म्हणत. अलिबाग इतकं लांब, तिथे आमच्या गावचं कोण जातंय, असं आम्हाला वाटलं होतं. पण काकाचा मेव्हणा जमिनीच्या कामासाठी तिथे गेला आणि फलकासमोर उभा राहून त्याने माझं नाव वाचलं.

दुसऱ्या दिवशी शाळेतून आले तर ओट्यावर काका, त्याचे दोन मेव्हणे आणि बाबा बसलेले. बाबांनी मला एवढंच विचारलं, "खरं हाय?"

"हो, बाबा."

त्यांनी मान खाली घातली. नंतर बोलला तो काकाच. मला त्याचे शब्द लिहायचे नाहीत. बाबा उठून गोठ्यात गेले आणि अंधार पडेपर्यंत बाहेर आले नाहीत. त्यांनी मला मारलं असतं तर मला सोपं गेलं असतं.

सकाळी मला खालापूरकडे मामाच्या गावी नेलं. टेंपो काकाने आणला होता. बरोबर काका आणि काकू. आई दारात उभी होती, बाबा शेतावर गेले होते. वाटेत काका दोनदाच बोलला. "मामानं स्थळ बघितलंय. आठ दिसांत उरकून टाकू." आणि नंतर, "नोकरी गेली खड्ड्यात."

मामाचं घर मला लहानपणापासून ठाऊक. मे महिन्याच्या सुट्टीत मी तिथेच वाढले म्हणा ना. मामी मला करवंदांच्या टोपल्या भरून द्यायची, अंगणातल्या आंब्याखाली आमच्या पंगती बसायच्या. आता त्याच घरात मला एकटीने अंगणाबाहेर जायची बंदी होती. मामा दुष्ट नव्हता. तो माझ्याकडे बघायचं टाळायचा. दिवसभर कुठे कुठे जाऊन संध्याकाळी यायचा आणि मामीला म्हणायचा, "जेवली का ती?"

मामी माझ्याजवळ झोपायची. एकदा दुपारी निवडायला तांदूळ घेऊन बसली आणि म्हणाली, "तुला कुनी इचारलंय का गं, तुला काय पायजे ते?"

"त्यांनी विचारलं," मी म्हणाले.

"मला कुनी नव्हतं इचारलं. तुज्या मामाला पयल्यांदा बघितलं ते आंतरपाट काढल्यावर." ती जरा हसली. "चांगला निघाला, माझं नशीब. पन इचारलं असतं तर काय बोलले असते कोन जाने."

मी शाळेत गेले नाही, तेव्हा आमचे हेडमास्तर गावात चौकशी करून आले. त्यांना सांगितलं की मुलगी आजारी आहे, पाहुण्यांकडे नेली आहे. हेडमास्तरांनी ही गोष्ट यांना सांगितली. माझा मामा एकच, आणि त्याचं गाव यांना बोलण्या-बोलण्यात कळलेलं होतं. हे तडक त्या म्हाताऱ्या वकिलांकडे गेले. नंतर मला कळलं की क्वार्टर्समधली तरुण पोरं म्हणत होती, आपण जीप घेऊन जाऊ आणि उचलून आणू. वकिलांनी त्यांना गप्प केलं. म्हणाले, "त्यांनी तिला उचलून नेलं, तुम्हीही उचलून आणणार. मग तुमच्यात त्यांच्यात फरक काय? तिला चालत येऊ द्या." त्यांनी खालापूरच्या कोर्टात अर्ज केला, की एका सज्ञान बाईला तिच्या मर्जीविरुद्ध घरात ठेवलं आहे.

एक दिवस सकाळी पोलीस आले. एक फौजदार आणि एक शिपाई. मामाच्या हातातला तांब्या खाली पडला. फौजदारांनी मला विचारलं, "बाई, साहेबांपुढं यायचंय. येता?" मी आत चप्पल शोधायला गेले. मामीने माझ्या हातात तिचीच चप्पल दिली, कारण माझी लपवून ठेवलेली होती. म्हणाली, "जा. साडी नीट खोच."

खालापूरचं कोर्ट म्हणजे तेव्हा कौलारू, बैठी इमारत. आवारात लोक जमिनीच्या तारखांसाठी आलेले, उकिडवे बसून विड्या ओढत होते. मला व्हरांड्यातल्या बाकावर बसवलं. निरोप गेला असावा, कारण दुपारी काका एक वकील घेऊन आला, आणि त्याच्या मागून बाबा. बाबांनी धुवट सदरा घातला होता, लग्नाला जाताना घालायचे तो. ते माझ्याकडे न बघता भिंतीशी उभे राहिले. समोरच्या बाजूला हे आणि आमचे म्हातारे वकील. मधे तो व्हरांडा. माझ्या आयुष्यात मी एवढी एकटी त्याआधी कधी नव्हते आणि नंतरही कधी झाले नाही.

मॅजिस्ट्रेटसाहेब चष्मा लावलेले, मध्यम वयाचे होते. त्यांनी माझं नाव, शिक्षण, नोकरी विचारली. वय विचारलं. मग म्हणाले, "तुम्ही मामांकडे स्वतःहून राहिलात?"

"नाही, साहेब."

काका पुढे झाला. हात जोडून म्हणाला, "सायेब, पोर भोली हाय. तिला काय तरी घातलंय खायला. तिचं डोकं ठिकान्यावर नाय. ती काय बोलते ते तिला समजत नाय." त्याच्या वकिलानेही तेच म्हटलं, जरा सभ्य भाषेत. मुलीची मनःस्थिती ठीक नाही, तिला वडिलांच्या ताब्यात द्यावं.

साहेबांनी विचारलं, "वडील आहेत का इथे?"

बाबा पुढे आले. टोपी हातात धरली होती. साहेब म्हणाले, "ही तुमची मुलगी?"

"व्हय, सायेब."

"तुमचे भाऊ म्हणतात तिचं डोकं ठिकाणावर नाही. खरं आहे का?"

काका बाबांच्या अगदी मागे उभा होता. त्याने बाबांच्या पाठीला बोट लावलेलं मी पाहिलं. बाबांना एकाच शब्दाचं खोटं बोलायचं होतं. नुसती मान हलवली असती तरी चाललं असतं.

बाबा म्हणाले, "नाय सायेब. येडी नाय ती. मास्तरीण हाय. आमच्या गावात तिच्यावानी शानी पोर दुसरी नाय."

काकाच्या तोंडून एक शिवी निघाली. शिपायाने त्याला दटावलं.

"मग तिला कुठे जायचं ते तिला कळतं?"

बाबांनी टोपी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. "कलतं."

साहेब माझ्याकडे वळले. "बाई, तुम्ही सज्ञान आहात. तुम्हाला कुठे जायचं ते तुम्ही सांगा. वडिलांबरोबर जायचं तर तसं सांगा, दुसरीकडे जायचं तर तसं. इथे तुम्हाला कुणी काही करणार नाही."

मी वर्गात चाळीस मुलांपुढे खणखणीत बोलायची. तिथे माझा आवाज मलाच ऐकू येईना. "मला लग्न करायचंय, साहेब. तोपर्यंत मी आमच्या हेडमास्तरांच्या घरी राहीन."

"ठीक आहे," ते म्हणाले. काहीतरी लिहिलं, पुढचं प्रकरण पुकारलं. एवढंच. ज्या गोष्टीने माझं आयुष्य बदललं, तिला एखादा पानाचा विडा खाऊन व्हावा इतका वेळही लागला नाही.

बाहेर आले तर बाबा पायऱ्या उतरत होते. मी हाक मारली, "बाबा." ते थांबले, पण वळले नाहीत. "इचारलं म्हनून सांगितलं," ते म्हणाले, "आता मला तोंड नको दाखवू." आणि रस्त्याच्या कडेने एस.टी.च्या थांब्याकडे चालू लागले. काका त्यांच्या बरोबर नव्हता.

हेडमास्तरांचं घर कर्जतला लागून असलेल्या भिसेगावात होतं. त्यांच्या बायकोने मला स्वतःच्या मुलीसारखं ठेवलं. शेजारणी डोकावून जायच्या, त्यांना ती म्हणायची, "आमच्याकडे लग्नघर आहे, बघताय काय, या की हळद दळायला." त्या बिचाऱ्या काहीजणी खरंच आल्या. महिना पुरा झाल्यावर आम्ही अलिबागला गेलो. हेडमास्तर, वकील आणि क्वार्टर्समधले एक मित्र असे साक्षीदार. कचेरीतल्या बाबूने पेढे मागून खाल्ले. सह्या झाल्यावर आम्ही समुद्रावर गेलो. मी समुद्र पहिल्यांदाच पाहत होते; नोटीस द्यायला आलो तेव्हा कचेरीतूनच परतलो होतो. हे म्हणाले, "कसा वाटला?" मी म्हणाले, "खाचरात पाणी साठलंय असा वाटतोय, पण बांध कुठेच नाही." ते खूप हसले, आणि मग मला रडू आलं.

घरी सासूबाईंनी बुद्धवंदना ठेवली होती. मला पांढरी साडी दिली. आमच्याकडे पांढरी साडी नवरीला नसते. ती हातात घेताना माझा हात थबकला, आणि ते त्यांनी पाहिलं. काही न बोलता त्या आत गेल्या आणि स्वतःच्या ट्रंकेतली हिरव्या काठाची साडी घेऊन आल्या. म्हणाल्या, "ही पन चालंल." मी पांढरीच नेसले. त्या माझ्यावर तेव्हापासून कधी रागावल्या नाहीत असं नाही, पण "तू परत जाशील" असं पुन्हा म्हणाल्या नाहीत.

पुढची काही वर्षं सुखाची होती, आणि त्यात एक रिकामी जागा होती. आई कर्जतला बाजाराच्या दिवशी यायची. कासाराच्या दुकानात आम्ही भेटायचो, कारण तिथे बायका कितीही वेळ बसल्या तरी कुणी विचारत नाही. कासार माझ्या हातात बांगड्या चढवायला मुद्दाम उशीर लावायचा. आई वालाचं बिरडं, पोह्याचे पापड, कधी पदराखालून नव्या भाताचे तांदूळ द्यायची. माझी मुलगी झाली तेव्हा आईने तिथेच तिच्या कमरेला काळा दोरा बांधला. मी विचारायची, "बाबा कसे आहेत?" ती म्हणायची, "हायत." एकदा म्हणाली, "तुजं नाव घेत नायत. पन भोंगा वाजला की क्वार्टर्सकडे बघतात."

मग जिल्हा परिषदेने माझी बदली केली, आणि ती केली माझ्याच गावच्या शाळेत. जिल्ह्याचं नाव तेव्हा नुकतंच रायगड झालं होतं. मला बदली रद्द करून घेता आली असती. हे म्हणाले, "तुला काय वाटतं ते कर." मी गेले. माझ्या स्वतःच्या घरावरून रोज जायचं, ओट्याकडे न बघता. काकाचे नातू माझ्या वर्गात होते.

काही लोकांना ते रुचलं नाही. शाळेपुढच्या पिंपळाखाली बैठक भरली. बाईंना इथून हलवा, पोरांवर काय संस्कार होतील, असं बोलणं चाललं. मी वर्गात मुलांना पाढे म्हणायला लावले होते, तरी खिडकीतून सगळं ऐकू येत होतं. बराच वेळ गलका झाला. मग एक ओळखीचा आवाज आला.

"ती शिकवते कशी ते बोला."

बाबा पाराच्या कडेला बसलेले मला दिसले. कुणीतरी म्हणालं, "दादा, प्रश्न त्यो नाय."

"शालेत दुसरा परश्न काय अस्तोय?" बाबा म्हणाले. "पोरांना वाचता येतं का नाय? माज्या भावाचा नातू काल मला पेपर वाचून दाखवीत होता. मास्तरीण चांगली हाय. दुसरं मला काय इचारू नका." आणि उठून गेले.

बैठक मोडली. माझी बदली झाली नाही. पण बाबा माझ्याशी बोलले नाहीत, आणि मीही तो आवाज ऐकून समाधान मानलं.

त्या वर्षीचं भात झोडून झाल्यावर एके दिवशी शाळा सुटली, आणि मी फाटक लावून बाहेर पडले तर बाबांची बैलगाडी उभी. गाडीत भाताची पोती. गिरणीवर निघाले असतील असं मला वाटलं. मी बाजूने जाऊ लागले, तर समोर बघतच म्हणाले, "बस. सोडतो."

मी पोत्यावर बसले. बैल नवे होते, मला ओळखत नव्हते. आम्ही कालव्याच्या बाजूने निघालो. कालव्याला पाणी सुटलेलं होतं, उन्हाळी भाताची रोपं टाकायची घाई चालली होती. वाटेत लोक बघत होते, बाबा कुणाकडेच बघत नव्हते. गाडी गिरणीवरून पुढे गेली, थांबली नाही. तेव्हा मला कळलं की पोती गिरणीवर जायची नव्हती.

क्वार्टर्समध्ये आमच्या दारात सासूबाई नातीला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. बैलगाडी, त्यात मी आणि पुढे टोपीवाला म्हातारा बघून त्या घाबरून उभ्या राहिल्या. त्यांना वाटलं, काहीतरी वाईट घडलंय. बाबा गाडीतून उतरले. बैलांच्या गळ्यावर हात फिरवत जरा उभे राहिले. शब्द जुळवत असावेत. मग दाराशी येऊन म्हणाले,

"इहीनबाई, पानी मिलंल का?"

विहीणबाई. सासूबाईंना कुणी असं म्हटलं नव्हतं. म्हणणारं होतंच कोण? त्यांनी पदर सावरला, आत गेल्या आणि पाणी आणायच्या ऐवजी चुलीपुढे उभ्या राहून रडू लागल्या. शेवटी तांब्या मीच नेला. बाबांनी तो वरून ओतून न घेता ओठाला लावला आणि पाणी घटाघटा प्यायले. मग माझ्या मुलीकडे बघून म्हणाले, "ही कुनाची गं येवढी काली?" ती म्हणाली, "मी काली नाय." आमच्या गावचंच बोलणं तिचं. बाबा पहिल्यांदा हसले.

हे ड्यूटीवरून आले तेव्हा बाबा ओसरीत बसून चहा पीत होते. दोघांनी एकमेकांना नमस्कार केला आणि भाताची पोती उतरवायला लागले. पुरुषांना असं काहीतरी उचलायला मिळालं की बरं असतं.

पुष्कळ वर्षांनी, बाबांचे डोळे अधू झाल्यावर, मी धीर करून विचारलं, "बाबा, त्या दिवशी कोर्टात तुम्ही खोटं का नाही बोललात? मला घेऊन जायचं तर होतं तुम्हाला."

बाबा म्हणाले, "तुला येडी म्हटलं असतं, मंग राग कुनावर धरला असता? येड्यावर राग धरता येत नाय. मला तर लय राग आलेला." मग म्हणाले, "आनि तुला शिकवली मी. माजंच काम खोटं हाय असं मी कसं सांगू?"

पुढे आम्ही भिसेगावात लहानसं घर बांधलं. बाबा डोळ्यांच्या तपासणीला कर्जतला आले की आमच्याकडे राहायचे. दुपारी ओसरीत ते आणि सासूबाई तांदूळ निवडत बसायचे, म्हणजे सासूबाई निवडायच्या आणि बाबा दाणा बोटांत धरून तो कुठल्या जातीचा ते सांगायचे. दोघांचं कधी जुळलं नाही. बाबा म्हणायचे, हा कोलम. त्या म्हणायच्या, आयुष्यभर मी लोकांचं भात लावलंय, मला नका शिकवू, हा कोलम नाय. त्यांचं भांडण ऐकत मी आत वह्या तपासत बसायची. मधेच घाटातून खाली येणाऱ्या गाडीची शिटी ऐकू यायची, दोघं क्षणभर थांबायचे आणि पुन्हा सुरू व्हायचे. आता दोघंही नाहीत. घरात तांदूळ पिशवीतून निवडलेलाच येतो.